रबराचं डोकं आणि बुटांच्या टाचा



आजचा विषय मुक्या सिनेमातल्या करामतींचा आहे. माणूस खुर्चीवरून गायब होतो, मुंडकं टेबलावर बसून गाणं म्हणतं, कपडे काढावेत तर अंगावर नवे चढतात, असल्या गमतींचा. बरेच जण म्हणतात की हे सगळं पोरखेळ होतं आणि खरा सिनेमा पुढे आला. मला ते पटत नाही, आणि का पटत नाही ते सांगण्यासाठीच आजचा भाग आहे. मी तोफखान्यात नोकरी केली आहे. मोजणीवर चालणाऱ्या कामाबद्दल मला जरा जास्तच आदर आहे आणि या करामती पहिल्यापासून शेवटपर्यंत मोजणीवर चालतात.

सुरुवात पॅरिसपासून करू. जॉर्ज मेलिएस हा बूट बनवणाऱ्या श्रीमंत कारखानदाराचा मुलगा. जन्म १८६१ चा. वडिलांच्या धंद्यात त्याचा जीव रमला नाही. १८८८ मध्ये त्याने पॅरिसमधलं रोबेर-उदँ हे जादूच्या प्रयोगांचं छोटं थिएटर विकत घेतलं आणि तिथे स्वतः जादूचे प्रयोग करू लागला. डिसेंबर १८९५ मध्ये ल्युमिएर बंधूंनी ग्रँड कॅफेत आपला सिनेमॅटोग्राफ दाखवला तेव्हा प्रेक्षकांत हा जादूगार बसलेला होता. त्याने ते यंत्र विकत मागितलं, ल्युमिएरांनी नकार दिला. तेव्हा त्याने लंडनच्या रॉबर्ट पॉलकडून दुसरं यंत्र आणलं, त्यावर खटपट करून त्याचा कॅमेरा बनवला आणि १८९६ मध्ये कामाला लागला. त्याच वर्षी ७ जुलैला ल्युमिएरांची चित्रं मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवली गेली, म्हणजे या खेळात आपण फार मागे नव्हतो.

आता पहिली करामत. मेलिएस म्हातारपणी एक गोष्ट सांगायचा. पॅरिसच्या ऑपेराच्या चौकात तो चित्रण करत होता. कॅमेऱ्यात फिल्म अडकली. ती सोडवायला थोडा वेळ गेला, मग त्याने पुन्हा हँडल फिरवायला सुरुवात केली. घरी पडद्यावर पाहतो तर चौकातल्या घोड्यांच्या बसची एका क्षणात शववाहिका झाली आणि पुरुषांच्या बायका झाल्या! कॅमेरा बंद असताना रहदारी पुढे सरकली होती, पण फिल्मला त्याचा पत्ता नव्हता. किस्सा छान आहे आणि सिनेमाच्या प्रत्येक पुस्तकात असतो. मात्र ही युक्ती त्याच्या आधी वापरली गेली होती. १८९५ मध्ये अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने स्कॉटलंडच्या राणी मेरीच्या शिरच्छेदाचं काही सेकंदांचं चित्र काढलं. त्यात कुऱ्हाड खाली येण्यापूर्वी कॅमेरा थांबवून माणसाच्या जागी बाहुलं ठेवलं होतं. तेव्हा शोध कोणाचा हा वाद बाजूला ठेवा. एडिसनच्या लोकांना तो शिरच्छेद दाखवण्याचा सोयीचा मार्ग वाटला. मेलिएसला त्यात आख्खा रंगमंच दिसला.

१८९६ मधलं त्याचं 'गायब होणारी बाई' हे चित्र इंटरनेटवर सहज सापडतं, मिनिटभराचंच आहे. मेलिएस जमिनीवर वर्तमानपत्र पसरतो, त्यावर खुर्ची ठेवतो, बाईला बसवतो, अंगावर कापड टाकतो, कापड ओढतो आणि बाई नाही. ही मूळची रंगमंचावरची प्रसिद्ध जादू, ब्युआतिए द कोल्ता नावाच्या जादूगाराची. रंगमंचावर बाई फळ्यांमधल्या चोरदरवाजातून खाली जायची आणि तिथे दरवाजा नाही हे पटवायला वर्तमानपत्र पसरलं जायचं. ते वर्तमानपत्रही बनावट असायचं ही गोष्ट वेगळी! सिनेमात चोरदरवाजाची गरज उरली नाही. कॅमेरा थांबवा, बाईला उठून जाऊ द्या, कॅमेरा चालू करा. तरीही मेलिएसने वर्तमानपत्र पसरलंच. प्रेक्षक ज्या फसवणुकीची वाट पाहतोय ती आधी बंद करायची आणि त्याला ठाऊकच नसलेल्या वाटेने फसवायचं. युद्धशास्त्रात याला वेगळं नाव आहे, पण तत्त्व तेच. पुढे गंमत अशी की बाईला परत आणताना आधी खुर्चीवर हाडांचा सापळा येतो. मेलिएस दचकतो, सापळ्यावर कापड टाकतो आणि मग बाई हसत उभी राहते. जादू आणि चेष्टा यांचा जोड त्याने तिथेच घातला.

कॅमेरा थांबवणं ऐकायला सोपं वाटतं. करून बघा. मोबाइल कशावर तरी पक्का ठेवा, मुलाला खुर्चीवर बसवा, रेकॉर्डिंग थांबवा, मुलाला उठवा, पुन्हा सुरू करा. तुमचा स्वतःचा हात दोन इंच हललेला असेल आणि तेवढ्याने जादू मरते. मेलिएस स्वतः चित्रात असायचा आणि त्याला हाताची नेमकी स्थिती राखून थिजून उभं राहावं लागायचं. शिवाय हाताने फिरवलेला कॅमेरा थांबताना आणि सुरू होताना वेग बदलतो, त्या चौकटी जास्त उजळ येतात. म्हणून तो चित्रण झाल्यावर फिल्म कात्रीने कापून नको त्या चौकटी काढून टाकायचा आणि टोकं चिकटवायचा. फ्रेंच अभ्यासकांनी मूळ फिल्म भिंगाखाली तपासल्या तेव्हा जवळजवळ प्रत्येक 'जादू'च्या जागी असा जोड सापडला. म्हणजे कॅमेरा अडकला आणि चमत्कार झाला, एवढ्यावर हे काम भागलेलं नाही.

दुसरी करामत याहून अवघड, आणि माझी सर्वात आवडती. १८९८ चं एक चित्र आहे. मेलिएस स्वतःचं डोकं उपटून टेबलावर ठेवतो, त्याच्या खांद्यावर नवं डोकं येतं. तेही काढून ठेवतो. असं तीनदा. मग तो बॅन्जो घेऊन गायला बसतो आणि टेबलावरची डोकी त्याच्याबरोबर गाऊ लागतात. ती इतकी बेसूर असावीत (आवाज नसलेल्या चित्रात हे कळतं, ही त्याची कमाल) की तो वैतागून बॅन्जोनेच दोन डोक्यांचा चुराडा करतो.

हे कसं केलं? पडदा काळा. फिल्मवर काळ्या भागातून प्रकाश येत नाही, म्हणजे फिल्मचा तेवढा भाग कोरा राहतो. एकदा चित्रण करा, फिल्म अंधारात उलटी गुंडाळा, पुन्हा पहिल्या चौकटीपासून चित्रण करा. दुसऱ्या वेळी अंगावर काळं कापड घेऊन फक्त डोकं उघडं ठेवा, ते आधीच्या काळ्या भागात उमटतं. आता अडचण बघा. त्या काळात हँडलच्या एका फेऱ्यात साधारण ८ चौकटी आणि सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६ चौकटी. दोन मिनिटांच्या चित्राला २४० फेरे. पहिल्या वेळी ४७व्या फेऱ्याला तुम्ही उजवीकडे बघून हसला असाल, तर दुसऱ्या वेळी टेबलावरच्या डोक्याने ४७व्या फेऱ्यालाच डावीकडे बघायला हवं. आणि पडदा, मॉनिटर, काही नाही. फिल्म धुतल्याशिवाय कळणार नाही.

१९०० मध्ये त्याने 'एकट्याचा वाद्यवृंद' केला. त्यात सात वादक आहेत आणि सातही मेलिएस. म्हणजे एकच फिल्म सात वेळा कॅमेऱ्यातून गेली. सातव्या वेळी पाय घसरला, फिल्म फाटली, तर आधीचे सहा वादकही गेले, पुन्हा पहिल्यापासून. ज्यांनी ड्रिल स्क्वेअरवर घाम गाळला आहे त्यांना आठवत असेल, हालचालींच्या मधला थांबा मनात मोजावा लागतो आणि शंभर जणांची टाच एकदम वाजावी लागते. मेलिएसच्या ठिकाणी ते शंभर जण तो एकटाच होता, आणि वेगवेगळ्या वेळी. वर चेहरा मिस्कील ठेवायचा! १९०३ च्या एका चित्रात तर तो संगीतमास्तर होऊन स्वतःची डोकी एकामागून एक उपटून टेलिग्राफच्या पाच तारांवर भिरकावतो. तारा म्हणजे पाश्चात्त्य स्वरलिपीच्या पाच रेघा आणि डोकी म्हणजे स्वर. ज्यांना स्वरलिपी वाचता येते ते सांगतात की त्यात इंग्रजांचं राष्ट्रगीत लिहिलेलं आहे.

रबराच्या डोक्याचं चित्र १९०१ चं. एक शास्त्रज्ञ आपलंच डोकं टेबलावर ठेवतो, त्याला नळी लावतो आणि भात्याने फुगवतो. डोकं मोठं मोठं होत जातं, हसतं, ओरडतं. हवा सोडली की लहान. मग सहायक येतो, त्याला भाता मिळतो आणि तो इतका जोर लावतो की डोकं फुटतं. शास्त्रज्ञ त्याला लाथ घालून हाकलतो.

डोकं मोठं करायचं तर कॅमेरा जवळ न्यायचा, असं आज कोणीही म्हणेल. मेलिएसने कॅमेरा जागचा हलवला नाही, स्वतः कॅमेऱ्याकडे सरकला. अंगावर काळं, मागे काळं, आणि बसायला रुळावरचा गाडा, जो दोरीने पुढे ओढला जायचा. पण सरळ सपाट ओढून चालणार नव्हतं. वस्तू भिंगाच्या जवळ आली की ती मध्यरेषेपासून सर्व दिशांना पसरते. टेबल चौकटीत खालच्या बाजूला, म्हणजे मानेचा खालचा भाग मध्यरेषेच्या खाली. जवळ येताना मान टेबलाच्याही खाली घसरल्यासारखी दिसली असती. डोकं टेबलावर बसूनच फुगायला हवं असेल तर पुढे येताना थोडं वरही यायला हवं. म्हणून त्याने रूळ चढते ठेवले. किती चढते हा शुद्ध भूमितीचा प्रश्न, आणि जोडीला प्रत्येक इंचाला भिंगाचा फोकस बदलायचा. तोफेचा नेम धरताना अंतर बदललं की उंचीचा कोन बदलतो, हे आम्हाला पहिल्या महिन्यात शिकवतात. मी हे चित्र पहिल्यांदा पाहिलं तेव्हा हसलो. चढत्या रुळांबद्दल वाचलं तेव्हा पुन्हा पाहिलं आणि गप्प बसून पाहिलं.

'चंद्रावरची सफर' मी मुद्दाम बाजूला ठेवतो आहे. १९०२ चं हे चित्र सर्वांना माहीत आहे, चंद्राच्या डोळ्यात तोफगोळा रुतलेला फोटो तुम्ही पाहिलाच असेल. अमेरिकेत त्याच्या चोरून प्रती काढल्या गेल्या, पैसे भलत्यांनी कमावले आणि मेलिएसला आपला भाऊ गास्तों याला न्यूयॉर्कला धाडून शाखा उघडावी लागली. चोरी ओळखता यावी म्हणून तो नेपथ्यातच आपल्या कंपनीचं चांदणीचं चिन्ह रंगवून ठेवायचा. पायरसी ही आजची गोष्ट नव्हे, एवढंच.

इंग्लंडमध्येही असले खेळ चालले होते. सेसिल हेपवर्थच्या १९०० मधल्या एका चित्रात रस्त्यावरून येणाऱ्या मोटारीचा स्फोट होतो आणि क्षणभर काहीच नाही. पोलीस वर बघतो. मग आकाशातून हातपाय टपटप पडू लागतात आणि पोलीस शांतपणे त्यांची वर्गवारी करतो. विनोद स्फोटात नाही, त्या पोलिसाच्या सरकारी शांतपणात आहे. सरकारी नोकरी केलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

हेपवर्थचं नाव मी काढलं त्याला कारण आहे. १९१२ मध्ये एक मराठी माणूस लंडनला गेला, विल्यमसन कॅमेरा विकत घेतला आणि हेपवर्थचा स्टुडिओ पाहून आला. धुंडिराज गोविंद फाळके. आपण त्यांना चित्रपटसृष्टीचे जनक म्हणून हार घालतो, पण ते जादूगार होते हे विसरतो. ते जादूचे प्रयोग करायचे आणि नाव लावायचे प्रोफेसर केळफा. फाळके हे नाव उलटं वाचा! मेलिएस आणि फाळके एकाच दारातून सिनेमात आले. परत आल्यावर फाळक्यांनी केलेलं पहिलं काम म्हणजे कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ. रोज थोडं थोडं चित्रण करून अनेक दिवसांची वाढ त्यांनी पडद्यावर क्षणांत दाखवली. घरच्यांना आणि पैसे देऊ शकणाऱ्या माणसाला पटवायला ते पुरेसं ठरलं. त्यातून १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' उभा राहिला.

'राजा हरिश्चंद्र'मध्ये शंकर प्रकट होतात ती मेलिएसचीच युक्ती, कॅमेरा थांबवण्याची. पण परिणाम निराळा. पॅरिसचा प्रेक्षक गायब होणारी बाई पाहून 'कसं केलं असेल?' म्हणून हसला. गिरगावातल्या कॉरोनेशन थिएटरात देव प्रकट झाल्यावर लोकांनी हात जोडले. यंत्र तेच, हँडल तेच. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये अण्णा साळुंके या एकाच नटाने राम आणि सीता दोघांचंही काम केलं, ही तर कुठल्याही ट्रिकवर मात करणारी करामत. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये फाळक्यांची सात वर्षांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली आहे. त्यात लोण्याच्या चोरीपासून शेजाऱ्यांच्या खोड्यांपर्यंत निखळ विनोद आहे, आणि मग डोहातली झुंज. पोरगी काय बेधडक वावरते! फाळक्यांनी 'पिठाचे पंजे' सारखी छोटी विनोदी चित्रंही काढली आणि आगकाड्या हलवून त्यांची मौज दाखवणारं चित्रही केलं. देवादिकांच्या गर्दीत त्यांच्या या मिस्कील बाजूकडे आपलं दुर्लक्ष झालं, असं माझं मत आहे.

या परंपरेचा कळस मला विचाराल तर बस्टर कीटन. १९२१ च्या 'द प्लेहाउस'मध्ये नाटकगृहातली सगळी माणसं तोच आहे, वादक, नट, प्रेक्षक. एका दृश्यात नऊ कीटन रांगेत आहेत. भिंगापुढे उभ्या पट्ट्यांची झाकणं बसवून एकेक पट्टी उघडायची, एका कीटनचं चित्रण करायचं, फिल्म मागे न्यायची. नऊ वेळा. कॅमेरामन एल्गिन लेसली हाताने हँडल फिरवत होता आणि नऊही वेळा त्याचा वेग तोच राहिला म्हणून ते जमलं. पडद्यावर टाळ्या कीटनला, पण मी त्यातल्या बऱ्याच लेसलीला देईन.

१९२४ च्या 'शेरलॉक ज्युनियर'मध्ये सिनेमा दाखवणारा ऑपरेटर झोपेत पडद्यात शिरतो. तो बाकावर बसायला जातो तोच दृश्य बदलतं, बाक नाहीसा होऊन रहदारीचा रस्ता येतो आणि तो आपटतो. मग कडा, मग सिंह, मग वाळवंट, मग समुद्रातला खडक. तो पाण्यात सूर मारतो आणि बर्फात डोकं खुपसून पडतो. प्रत्येक जागा वेगळी, पण कीटन चौकटीत नेमका त्याच ठिकाणी. हे जमवायला त्यांनी जमीन मोजणीची उपकरणं वापरून कॅमेऱ्यापासूनचं अंतर आणि उंची दर वेळी मोजली. आमच्या तोफखान्यातही सर्व्हेची तुकडी असते, ती हेच काम करते. त्यांचं गणित चुकलं तर गोळा भलतीकडे जातो, कीटनचं चुकलं असतं तर हसू भलतीकडे गेलं असतं. याच चित्रात रेल्वेच्या टाकीचं पाणी अंगावर कोसळून त्याची मान मोडली होती आणि ते त्याला अनेक वर्षांनी एक्स-रेमध्ये कळलं.

पूर्वी युनिटमध्ये उघड्यावर पडदा लावून सिनेमा दाखवत असत. हिंदी सिनेमाला मद्रासकडचे जवान शेजाऱ्याला विचारायचे, इंग्रजीला बहुतेक सगळेच. एकदा मुकी विनोदी चित्रं आली तेव्हा कोणी कोणाला काही विचारलं नाही. मराठा, शीख, तमीळ, गढवाली सगळे एकाच ठिकाणी हसत होते. इंदूर, बडोदा, हैदराबाद, बंगळूर अशा ठिकाणी राहून चार भाषांत दिवस काढणाऱ्या आपल्या श्रोत्यांना याचं मोल वेगळं सांगायला नको.

आता टाचांची गोष्ट, शीर्षकात आहे म्हणून नव्हे, ती मला सोडत नाही म्हणून. १९१० नंतर मेलिएसचं गणित बिघडलं. लोकांना लांब कथा हव्या झाल्या, त्याची चित्रं तशीच राहिली. दुसऱ्या मोठ्या कंपनीच्या पैशावर चित्रं काढली, त्यापायी घर-स्टुडिओ गहाण पडला आणि १९१३ च्या सुमारास त्याचं काम थांबलं. मग महायुद्ध आलं. १९१७ मध्ये त्याच्या स्टुडिओच्या इमारतीत जखमी सैनिकांसाठी इस्पितळ झालं आणि फ्रेंच सैन्याने त्याच्या चारशेहून अधिक फिल्म ताब्यात घेतल्या. फिल्मच्या थरात चांदी असते, ती काढून घेतली. उरलेल्या सेल्युलॉइडपासून सैनिकांच्या बुटांच्या टाचा बनवल्या. बूटवाल्याचा मुलगा बुटांपासून पळाला होता.

सैन्याकडून ताब्यात घेणं कसं चालतं हे मला माहीत आहे. कोणीतरी यादी केली असेल, वजन केलं असेल, पावती फाडली असेल. त्या अधिकाऱ्याला दोष द्यायला माझी जीभ धजत नाही. १९१७ मध्ये खंदकात भिजलेल्या पायांना टाच हवीच होती, आणि त्याच्या पुढ्यातला माल जुन्या, कोणी न मागणाऱ्या गमतीच्या चित्रांचा होता. त्याच्या जागी मी असतो तर पावतीवर सही केली नसती, असं छातीठोक म्हणता येत नाही.

राहिलेलं मेलिएसने स्वतः केलं. १९२३ मध्ये स्टुडिओची जागा हातची गेली, जादूचं थिएटर रस्त्यासाठी पाडलं गेलं आणि त्याने हाताशी उरलेल्या निगेटिव्ह जाळून टाकल्या. पुढे तो पॅरिसच्या मोंपार्नास स्टेशनवर खेळणी आणि गोळ्या विकायच्या दुकानात बसत असे. 'गायब होणारी बाई' मधली जान दाल्सी, जिच्याशी त्याने १९२५ मध्ये लग्न केलं, ती सोबतीला. काही पत्रकारांनी त्याला तिथे ओळखलं, १९२९ मध्ये त्याच्या चित्रांचा मोठा सोहळा झाला, १९३१ मध्ये लिजन ऑफ ऑनर मिळालं. १९३८ मध्ये तो गेला.

त्याने पाचशेच्या वर चित्रं काढली. आज दोनशेच्या आसपास उरली आहेत, तीही बरीचशी इतरांकडे राहिलेल्या प्रतींमुळे. म्हणजे ज्या चोरांवर तो आयुष्यभर चिडला, त्यांच्यापैकी काहींच्या प्रतीही उपयोगी पडल्या असतील. 'चंद्रावरची सफर'ची हाताने रंगवलेली प्रत १९९३ मध्ये बार्सिलोनात उजेडात आली तेव्हा फिल्म चिकटून तिचा घट्ट गोळा झाला होता. चौकट चौकट सोडवायला वर्षं लागली आणि २०११ मध्ये ती कान महोत्सवात पुन्हा दाखवली गेली. ते रंग एलिझाबेथ तुइलिए यांच्या कार्यशाळेतल्या बायकांनी बारीक ब्रशने, एकेक चौकट रंगवून भरलेले. प्रत्येकीकडे एकच रंग असायचा.

आपल्याकडे 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं तेवढं राहिलं. 'कालिया मर्दन' बऱ्यापैकी शाबूत मिळालं, ते पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे पी. के. नायर यांच्या चिकाटीमुळे. फाळक्यांची बाकीची शंभराच्या आसपास चित्रं जवळजवळ सगळी गेली. त्यासाठी कुठल्या सैन्याला हुकूम काढावा लागला नाही. नायट्रेटची फिल्म पेटते, उन्हाळ्यात चिकटते, आणि जुन्या रिळांतली चांदी विकत घेणारे आपल्याकडेही होते.

तुमच्यापैकी कोणाच्या वाड्यात, माळ्यावर, आजोबांच्या ट्रंकेत गोल पत्र्याचे डबे असतील तर ते उन्हात ठेवू नका, घरी प्रोजेक्टरवर चढवू नका आणि भंगारवाल्याला तर मुळीच देऊ नका. डब्यातून व्हिनेगरचा किंवा जुन्या मोज्यांसारखा वास आला तरी फेकू नका. पुण्याला कळवा. पुढच्या भागात आपण फाळक्यांच्या कॅमेऱ्याविषयी बोलू.